ब्रह्मकमळाचा एकच प्रयोग

नाटकावर लिहिणाऱ्याला निदान तिकीट तरी काढता येतं. ब्रह्मकमळाच्या प्रयोगाला ती सोय नाही. पावसाळ्यातल्या कुठल्याही रात्री साडेदहाला बेल वाजते, दारात शेजारीण उभी असते आणि “चला, उमलतंय!” एवढंच बोलून ती वरच्या मजल्याकडे पळते. की पायजम्यावर शर्ट चढवून निघायचं. मुलुंड काय, बोरिवली काय, उपनगरांतल्या गॅलऱ्यांमधून हे प्रयोग वर्षानुवर्षं चालू आहेत. प्रेक्षक “अहाहा!” म्हणून घरी जातात, परीक्षण कोणी लिहीत नाही. ते मी लिहितो. माझा अधिकार इतकाच, की मी बी.कॉम. आहे आणि बँकेच्या काउंटरवर बसून प्रत्येक सहीकडे संशयाने बघण्याचा मला पगार मिळतो.

तेव्हा आधी नाव तपासू. केवायसीच्या पहिल्याच रकान्यात हा अर्ज अडकतो. खरं ब्रह्मकमळ हिमालयात, समुद्रसपाटीपासून चार हजार मीटरांच्या आसपास उगवतं. कूळ सूर्यफुलाचं. ते उत्तराखंडाचं राज्यपुष्प आहे आणि टपाल खात्याने १९८२ साली त्याचं तिकीटही काढलं होतं. आपल्या कुंडीतल्या गृहस्थाचा ब्रह्मदेवाशी संबंध नाही, कमळाशी तर नाहीच नाही. तो चक्क निवडुंग आहे. मूळ गाव मेक्सिको-ग्वाटेमालाकडचं. शास्त्रीय नाव एपिफायलम ऑक्सिपेटलम. यातल्या एपिफायलमचा अर्थ ‘पानावरचं’. पण ज्याला आपण पान म्हणतो ते पानही नव्हे, चपटं झालेलं खोड आहे. म्हणजे नामकरणाला बसलेले शास्त्रज्ञसुद्धा फसले. अशा कागदपत्रांवर आमचे मॅनेजर साधं बचत खातंसुद्धा उघडू देणार नाहीत.

केरळच्या लोकांनी याला ‘निशागंधी’ म्हटलं. खरं आणि गोड. तिरुवनंतपुरमला त्या नावाचं खुलं नाट्यगृहसुद्धा आहे. आपल्याला हे का सुचू नये? माझा तर्क असा, की निवडुंग घरात ठेवू नये असं मानणाऱ्या आज्यांच्या नजरेतून हे झाड सुटायला हवं होतं. खरं नाव सांगितलं असतं तर आजीने ते कुंडीसकट खाली भिरकावलं असतं. ब्रह्मकमळ म्हटल्यावर तिने हळदकुंकू वाहिलं. खोट्या नावावर इतकं नीट चाललेलं दुसरं खातं माझ्या पाहण्यात नाही.

नेपथ्य अगदी सुमार. वर्षातले साडेतीनशे दिवस ग्रिलला सुतळीने बांधलेल्या हिरव्या पट्ट्या; कोणीतरी टाय वाळत घातल्यासारख्या. मूळच्या जंगलात हे झाड मोठ्या झाडांच्या बेचक्यात, साठलेल्या पाचोळ्यावर राहतं. त्यामुळे त्याला भुसभुशीत माती लागते, साचलेलं पाणी सोसत नाही आणि दुपारच्या कडक उन्हात ते पिवळं पडतं. रोज उठून लाडाने तांब्याभर पाणी ओतणारे त्याला मुळाशी कुजवतात. बाकी कौतुक फारसं लागत नाही. पानाचा, म्हणजे खोडाचा तुकडा कापायचा, दोन-चार दिवस सुकू द्यायचा आणि मातीत खोचायचा. मग दोन-तीन वर्षं गप्प बसायचं. मुदत ठेव आहे ती; मध्येच मोडली की व्याज बुडालं.

हे झाड विकत आणलेलं घर मी पाहिलेलं नाही. तुकडा मागून आणायचा असतो. आता गंमत अशी, की तुकड्यापासून वाढलेलं झाड म्हणजे नवं झाड नव्हे, जुनंच. आत्याने वहिनीला दिलं, वहिनीने घाटकोपरच्या बहिणीला दिलं. सगळीकडे खातं एकच, शाखा निराळ्या. त्यामुळे “आमच्याला नऊ फुलं आली, जोशांच्याला चारच” या बढाईला ताळेबंदात जागा नाही.

प्रयोगाबद्दल मात्र एक शब्द वावगा बोलता येत नाही. आदले काही दिवस खाली लोंबणारी कळी मान वर उचलते. आठ-नऊच्या सुमारास टोक सैल होतं. बाहेरच्या तांबूस पट्ट्या मागे वळतात, मग पांढऱ्या पाकळ्या, आत केसरांची झालर आणि मधोमध चांदणीसारखी कुक्षी. वीत-वीतभर रुंद फूल, आणि वास जिन्यापर्यंत. टक लावून पाहिलं तर पाकळी थरथरताना दिसते. ही सगळी तयारी असते निशाचर पतंगांसाठी. मुलुंडला त्यांच्याऐवजी तिसऱ्या मजल्यावरचे लोक येतात. पहाटे फूल मान टाकतं. दुसरा प्रयोग नाही, सवलतीचे दर नाहीत.

तक्रार आहे ती प्रेक्षकांबद्दल. हल्ली बऱ्याच इमारतींत बेल वाजतच नाही. सकाळी मोबाइलवर स्टेटस दिसतं. मालकाने एकट्याने पाहिलं, फोटो काढला आणि झोपला. फोटोतलं फूल मी पाहिलं आहे. ते कमळासारखंच दिसतं, म्हणजे नावाइतकंच खोटं. वास येत नाही, आणि शेजारच्या माणसाच्या कोपराचा धक्काही लागत नाही.

आमच्या इमारतीत बेल वाजते, कारण दुसऱ्या मजल्यावरच्या काकू. मुलगा न्यू जर्सीला, काका गेलेले. त्यांच्या कुंडीला फूल आलं की पाणी सोडण्यावरून वर्षभर अबोला धरलेली दोन घरं एकाच सतरंजीवर बसतात आणि मसाला दूध पितात. सोसायटीच्या वार्षिक सभेला कोरम भरत नाही. इथे भरतो.

आता आमची इमारत पुनर्विकासाला जायची आहे. नव्या नकाशात गॅलरी नाही. खिडकी आहे, आणि ती उघडते तेवढी उघडते. परवाच्या सभेत काकूंनी हात वर केला. “अहो साहेब, माझं ब्रह्मकमळ कुठे ठेवायचं?”

आर्किटेक्टने कार्पेट एरियाच्या आवाजात सांगितलं, “गच्चीवर ठेवा ना, आजी. भरपूर जागा आहे.”

“दुपारचं ऊन चालत नाही त्याला,” काकू म्हणाल्या. “आणि रात्री गच्चीला कुलूप असतं.”

सेक्रेटरींनी मुद्दा इतिवृत्तात घेतला आहे. ठराव अजून व्हायचाय.