दूरचित्रवाणीवरील ‘मी’ आणि अनुपस्थित दुसरा

२३ मार्च २०१७ रोजी उस्मानाबादचे (आजचे धाराशिव) तत्कालीन खासदार प्रा. रवींद्र गायकवाड यांनी पुण्याहून दिल्लीस पोचलेल्या एअर इंडियाच्या विमानात, आसनाच्या श्रेणीवरून झालेल्या वादात, कंपनीच्या एका अधिकाऱ्यास मारहाण केली. या कृतीचे नैतिक मूल्यमापन अवघड नाही. समीक्षेच्या दृष्टीने लक्षणीय ठरते ती तिची दूरचित्रवाणीवरील कथनरचना.

अधिकाऱ्याला आपण चपलेने पंचवीस वेळा मारले, असे गायकवाड यांनी स्वतःच कॅमेऱ्यांपुढे सांगितले. येथे नायक आणि निवेदक एकच आहेत. कबुली देणारा स्वतःला श्रोत्याच्या न्यायाखाली ठेवतो. बढाई मारणारा श्रोत्यालाच साक्षीदार करून घेतो. शब्द तेच राहूनही वक्ता-श्रोता संबंध उलटा होतो, आणि तो कोणत्या बाजूला झुकला आहे हे ‘पंचवीस’ या आकड्यावरून कळते. रागात मोजदाद नसते. मोजदाद निवेदनात येते. आकडा हा पराक्रमकथेचा अलंकार आहे.

वृत्तवाहिन्यांनी हे निवेदन पुनःपुन्हा दाखवले आणि आकड्याचे ध्रुपद झाले. निषेधासाठी दाखवलेले दृश्य समर्थकाला शौर्य म्हणूनही वाचता येते. या दोन्ही वाचनांत मार खाल्लेला माणूस मात्र आकड्यापुरताच उरतो. ६ एप्रिल रोजी लोकसभेत गायकवाड यांनी सभागृहाकडे दिलगिरी व्यक्त केली, पण त्या अधिकाऱ्याची क्षमा मागण्यास नकार दिला. दुसऱ्या दिवशी एअर इंडियाने त्यांच्यावरील प्रवासबंदी उठवली. कथनातला अनुपस्थित दुसरा दिलगिरीतही संबोध्य ठरला नाही.

पुनरावृत्ती म्हणजे नेहमी अर्थाची झीजच, असे मात्र नाही. आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ (१९८५) या माहितीपटात गाणारे शाहीर विलास घोगरे त्यांच्याच ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये (२०११) पुन्हा दिसतात. मधल्या काळात, जुलै १९९७ मध्ये, घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरातील गोळीबारात दहा जण मारले गेले आणि त्यानंतर घोगरे यांनी आत्महत्या केली. जुन्याच दृश्याला इतिहासाने नवा अर्थ दिला, कारण माहितीपटकाराने चौदा वर्षे त्या माणसाभोवतीची वस्ती, तिची गाणी आणि तिचा लढा सोडला नाही. वृत्तवाहिनीच्या पुनरावृत्तीत काळ असा वाहत नाही. तोच क्षण पुन्हा सुरू होतो.

‘प्रतिनिधित्व’ या शब्दाचे दोन अर्थ येथे एकमेकांवर आदळतात. २०१४ मध्ये लाखो मतदारांनी निवडलेला प्रतिनिधी पडद्यावर जिल्ह्याची प्रतिमाही होऊन बसतो. एरवी दुष्काळाच्या निमित्ताने देशाच्या पडद्यावर दिसणाऱ्या या जिल्ह्याला त्या पंधरवड्यात सर्वाधिक प्रसारण लाभले, आणि त्यात जिल्ह्याविषयी एक वाक्यही असण्याची गरज उरली नाही. अधिकाऱ्यापाठोपाठ मतदारही या कथनातून वगळला गेला. २०१९ मध्ये पक्षाने गायकवाड यांना उमेदवारी दिली नाही. राजकारणापुरते प्रकरण तिथे संपले असेल. प्रतिमेचा प्रश्न त्याने सुटत नाही.