'आरोमले' : तिच्या भाषेतले गाणे

२०१० साली गौतम वासुदेव मेनन यांचा 'विन्नैतांडी वरुवाया' हा तमिळ चित्रपट आला. चेन्नईचा तमिळ तरुण कार्तिक आणि मल्याळी ख्रिश्चन मुलगी जेसी यांची ही प्रेमकथा. संगीत ए. आर. रहमान यांचे. त्यातले 'आरोमले' हे गाणे तमिळ चित्रपटात असूनही मल्याळममध्ये आहे. शब्द कैतप्रम यांचे, आवाज अल्फोन्स जोसेफ यांचा.

असे गाणे गाजले की 'संगीताला भाषा नसते' असे सहज म्हटले जाते. हे विधान तपासून पाहा. येथे भाषा हाच आशय आहे. नायकाची व्यथा त्याच्या नव्हे, तिच्या भाषेत व्यक्त होते. घर आणि धर्म यांची भिंत त्याला ओलांडता येत नाही. भाषेची भिंत मात्र सूर ओलांडतो. मराठी चित्रपटात बेळगावच्या मराठी मुलाची तळमळ कन्नडमध्ये गायली गेली, अशी कल्पना करा. म्हणजे या निवडीचा अर्थ कळेल.

आता रचना पाहा. गिटारच्या ब्लूज वळणावर संथ सुरू झालेला आवाज हळूहळू खरखरीत, अनावर होत जातो. रंगमंचावर ते गाताना अनेकदा हा चढा भागच उचलला जातो आणि गाणे दमसासाची परीक्षा बनते. आरंभीचा संयम नसेल, तर नंतरचा आक्रोश पोकळ वाटतो.

म्हणून गाण्याचे यश मोजताना ते किती जणांनी ऐकले एवढेच विचारू नका. त्यांनी त्यात काय ऐकले, तेही विचारा.