बोआलोचा निषेध आणि साष्टीची ओवी

सतराव्या शतकातील फ्रेंच महाकाव्यांचा विषय मराठी नियतकालिकात काढला, तर वाचक विचारतील की, त्याचा आपल्याशी संबंध काय? संबंध आहे, आणि तो जवळचा आहे. ज्या शतकात फ्रान्समध्ये ख्रिस्ती महाकाव्याचे प्रयोग होत होते आणि फसत होते, त्याच शतकात एका फ्रेंच धर्मगुरूने गोव्यात बसून मराठीत ओवीबद्ध ग्रंथ रचला. येशूसंघाचे फादर एतियेन द ला क्रुवा हे त्यांचे नाव. पोर्तुगीज कागदपत्रांत ते एस्तेव्हांव द क्रुझ म्हणून येतात. संत पेत्राच्या चरित्रावरील त्यांचा ग्रंथ १६२९ ते १६३४ या काळात गोव्यात रोमन लिपीत छापला गेला. अभ्यासक त्याला 'पीटर पुराण' म्हणतात. मुखपृष्ठावर भाषेचे नाव 'ब्राह्मण मराठी' असे दिले आहे आणि लेखकाच्या नावापुढे तो फ्रेंच असल्याची नोंद आहे.

प्रथम फ्रान्सकडे पाहू. रोंसारचे 'फ्रांसियाद' १५७२ मध्ये चार सर्गांवर थांबले, ते पुढे गेलेच नाही. द्यु बार्तासचे सृष्ट्युत्पत्तीवरील काव्य १५७८ मध्ये आले, युरोपभर वाचले गेले आणि दोन पिढ्यांत विस्मृतीत गेले. पुढे सतराव्या शतकाच्या मध्यास महाकाव्यांची लाटच उसळली. येशूसंघीय पिएर ल म्वान यांनी संत लुईवर लिहिले, देमारे यांनी क्लोव्हिस राजावर लिहिले, तर शापलँ यांनी जोन ऑफ आर्कवर. शापलँ यांच्या काव्याची वाट लोक वीस वर्षे पाहत होते. १६५६ मध्ये पहिले बारा सर्ग आले आणि सर्वत्र हसे झाले. उरलेले बारा सर्ग छापले जाण्यास १८८२ साल उजाडावे लागले!

या अपयशाची मीमांसा बोआलो याने १६७४ च्या आपल्या काव्यशास्त्रात केली. श्रद्धेची गंभीर रहस्ये काव्यालंकार सोसू शकत नाहीत, तेव्हा कवीने ख्रिस्ती विषय सोडून ग्रीक-रोमन दैवतांकडेच जावे, असा त्याचा निर्णय. पुढच्याच वर्षी ल बोस्सू या धर्मगुरूने महाकाव्यावर प्रबंध लिहिला. कवीने आधी नीतितत्त्व निवडावे आणि मग त्यासाठी कथा शोधावी, असे त्याचे सूत्र होते. फ्रेंचांना महाकाव्याचे डोकेच नाही, हा शेरा नंतर व्होल्तेरने नोंदवला आणि तो पुढे म्हणीसारखा झाला. विसाव्या शतकात सेस यांनी १९५५ मध्ये बायबलाधारित आणि मॅस्केल यांनी १९७३ मध्ये ऐतिहासिक महाकाव्यांचा साक्षेपी अभ्यास केला, तेव्हा कुठे ही काव्ये निदान वाचून मग नाकारली जाऊ लागली. हिमेल्सबाख यांनी १९८८ च्या आपल्या ग्रंथाच्या शीर्षकातच फ्रेंच महाकाव्याला 'रिकामे घर' म्हटले आहे.

आमचे म्हणणे असे की, बोआलोला उत्तर त्याच्या जन्माआधीच मिळून चुकले होते, आणि ते मराठीत होते. फादर थॉमस स्टीफन्स यांचे 'क्रिस्तपुराण' १६१६ मध्ये रायतूर येथे छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्यांचा हा ग्रंथ १६४९ व १६५४ मध्ये पुन्हा छापावा लागला. छापील प्रती नष्ट झाल्या तरी हस्तलिखितांतून आणि कानडा प्रांतातील ख्रिस्ती घरांतून तो जगला. जोसेफ सालढाणा यांनी १९०७ मध्ये मंगळुरास, शांताराम बंडेलू यांनी १९५६ मध्ये पुण्यास आणि फादर कारिदाद द्रागो यांनी १९९६ मध्ये मुंबईस त्याच्या आवृत्त्या काढल्या. श्रद्धेची रहस्ये अलंकार सोसत नाहीत, हे साष्टीतल्या त्या श्रोत्यांना कोणी सांगितले नव्हते. (गोव्याची साष्टी; आमच्या ठाण्याकडची नव्हे.)

स्टीफन्सना हे साधले कसे? आमच्या मते त्यांच्यासमोर श्रोता होता. ग्रंथाची चौकटच अशी आहे की, नवख्रिस्ती लोक धर्मशिक्षणासाठी जमले आहेत, जुनी पुराणे गेल्याने त्यांना उणे वाटते आहे, आणि त्यांच्यातला एक पाद्रीला तसेच काही ऐकवण्याची विनंती करतो. ओवी ही श्रोत्याला धरून चालणारी रचना आहे. ती कथेत थांबते, शंका घेते, उत्तर देते आणि पुन्हा कथेला लागते. ज्ञानदेव-एकनाथांनी घडवलेली ही वाट स्टीफन्सना आयती मिळाली. शापलँ यांच्यापुढे व्हर्जिलचा नमुना होता, दिवाणखान्यातले टीकाकार होते, गावकरी नव्हते. फ्रेंच महाकाव्य ख्रिस्ती विषयामुळे बुडाले नाही. ते ऐकणारे कोणी नव्हते म्हणून बुडाले.

मात्र येथेच फादर क्रुवा आमचा युक्तिवाद अडवतात. भाषा तीच, छंद तोच, संस्था तीच, प्रदेशही तोच. १५७९ मध्ये स्टीफन्स गोव्यात उतरले आणि त्याच वर्षी क्रुवा जन्मले. म्हणजे शिष्याच्या पिढीतला हा माणूस. तरी त्यांच्या ग्रंथाला 'क्रिस्तपुराणा'चे आयुष्य लाभले नाही. असे का व्हावे?

गेल्या उपवासकाळात विठ्ठलवाडीच्या आमच्या धर्मग्रामात आम्ही शुक्रवारी क्रूसाच्या वाटेनंतर अर्धा तास वाचन ठेवले होते. वसईची, मंगळूरची, गोव्याची अशी मिश्र मंडळी. कल्याणहून उशिराच्या गाडीने येणारे मागे उभे राहत. चार शुक्रवार 'क्रिस्तपुराण' वाचले. जुने शब्द अडले तरी बायका पुढे सरकून बसत. पाचव्या शुक्रवारी आम्ही 'पीटर पुराणा'तले, अभ्यासकांनी आपापल्या ग्रंथांतून दिलेले उतारे वाचले. दहा मिनिटांत चुळबुळ सुरू झाली. शेवटी रेल्वेतून निवृत्त झालेले एक मंगळुरी गृहस्थ उठून म्हणाले, "फादर, भांडण चांगलंय, पण ह्यात पेत्र कुठाय?"

आम्ही वाचलेल्या कोणत्याही प्रबंधात हा प्रश्न इतका थेट विचारलेला नाही. फादर क्रुवांनी आपल्या शीर्षकातच पूर्वेकडील 'विधर्मीयांच्या' मुख्य चुकांचे खंडन करण्याचा हेतू जाहीर केला आहे. शीर्षकात 'प्रवचन' हा शब्द स्टीफन्सच्या ग्रंथालाही होता. 'पुराण' हे नाव त्याला मागाहून चिकटले. तेव्हा फरक नावात शोधू नये. स्टीफन्स श्रोत्याशी बोलतात, तर क्रुवा त्याच्या डोक्यावरून प्रतिपक्षाशी. हिंदू पुराणे त्यांना चांगली ठाऊक होती, आणि ते ज्ञान त्यांनी दोष काढण्याकडे वापरले. आधी सिद्धांत आणि मग त्याला कथेचे वस्त्र, हे ल बोस्सूचे सूत्र त्यांनी चाळीस वर्षे आधीच आचरले होते, असे म्हणावेसे वाटते. त्या अर्थी मराठीत लिहिलेले हे अस्सल फ्रेंच महाकाव्य आहे!

आमच्या या मताला एक मर्यादा आहे, आणि ती समीक्षेनेच घातली आहे. अ. का. प्रियोळकर, श्री. म. पिंगे, गंगाधर मोरजे या विद्वानांचे ऋण मोठे आहे. त्यांच्यावाचून क्रुवांचे नावही आपल्या कानी आले नसते. परंतु या अभ्यासाचा भर मुद्रणावर, भाषेच्या रूपांवर आणि वाङ्मयेतिहासावर राहिला. अलेक्झांडर हेन यांनी २०१४ च्या आपल्या ग्रंथात ही पुराणे हिंदू-कॅथलिक संबंधांच्या इतिहासात ठेवून पाहिली, तेही मोलाचे आहे. मात्र भाषाशास्त्रज्ञ रूपे दाखवणारा उतारा निवडतो आणि इतिहासकार संघर्ष दाखवणारा. पेत्र जाळी टाकतो, पाण्यावर पाय ठेवतो, कोंबडा आरवल्यावर बाहेर जाऊन रडतो, ते प्रसंग क्रुवांच्या ओवीत कसे उतरले आहेत, हे पाहण्यासाठी उतारा कोणी काढावा? ते काम काव्याच्या वाचकाचे आहे, आणि तो वाचक अजून या ग्रंथाकडे वळलेला नाही.

हा ग्रंथ संपूर्ण देवनागरीत यावा, असे आमचे मत आहे. काही बंधू म्हणतात, राहू द्या, शेजारधर्माला बाधा येईल. ज्या वस्तीचे नावच विठ्ठलावरून आहे, तेथे राहून आम्हाला ही भीती कळत नाही असे नाही. आषाढीला आमच्या फाटकावरून दिंडी जाते आणि तिच्यातली निम्मी माणसे आम्हाला नावाने ओळखतात. त्यांच्या दैवतांविषयी त्या ग्रंथात जे आहे, ते देवळात वाचण्यासारखे नाही आणि आम्ही ते पुन्हा वाचणार नाही. पण झाकून ठेवल्याने ते लिहिलेले नव्हते असे होत नाही. तेव्हा तळटीपांसह, त्या काळातील सक्तीचा आणि धर्मन्यायालयाचा इतिहास प्रस्तावनेत स्पष्ट सांगून ते छापावे, आणि छापताना खंडनाचा भाग गाळू नये.

बोआलोचे काव्यशास्त्र १६७४ चे. गोव्यातील मुद्रणही त्याच वर्षानंतर थांबले, ते १८२१ पर्यंत सुरू झाले नाही. १६८४ मध्ये तर व्हाइसरॉयने स्थानिक भाषेविरुद्धच फर्मान काढले. क्रुवांचा ग्रंथ या शांततेत हरवला. त्यामुळे त्याला श्रोत्यांनी टाकले की श्रोत्यांपर्यंत तो पोहोचूच दिला गेला नाही, हे आज उताऱ्यांवरून ठरवता येत नाही. त्या मंगळुरी गृहस्थांना आम्ही हेच सांगितले. त्यांचे समाधान झाले नाही. पुढच्या शुक्रवारी आम्ही 'क्रिस्तपुराणा'तील दुःखसहनाच्या अध्यायांकडे परतलो, आणि ते पहिल्या बाकावर येऊन बसले.