‘एक्सप्लोरर’ पाहताना पॉझ दाबू नका

प्रबंधाचा विषय सांगितला की हमखास प्रश्न येतो, “असल्या फिल्म्समध्ये कळायचं काय असतं?” प्रश्न रास्त आहे. उत्तर दोन फिल्म्सवरून देते.

प्रमोद पती यांची ‘एक्सप्लोरर’ (१९६८) मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनची. जेमतेम ७ मिनिटांची, कृष्णधवल. नाचणारी तरुण मुलं, यंत्रं, धार्मिक प्रतिमा असं सगळं एकमेकांवर आदळत राहतं. एखाद्या चित्रावर नजर ठरते न ठरते, तोच ते गेलेलं असतं.

त्या काळी थिएटरात मुख्य सिनेमाआधी फिल्म्स डिव्हिजनचा लघुपट दाखवणं सक्तीचं होतं. या लघुपटांत बहुतेक वेळा एक भारदस्त आवाज असायचा. काय पाहायचं आणि त्याचा अर्थ काय लावायचा, दोन्ही तोच सांगायचा. पतींनी तो आवाजच काढून टाकला. त्यामुळे ‘कळलं नाही’ ही मला इथे उणीव वाटत नाही. एरवी अर्थ आपल्याला किती आयता मिळतो, ते त्यातून कळतं.

माझा आक्षेप वेगळाच आहे. निवेदक गेला, पण हुकूमत राहिली. ती वेगाकडे गेली. देव आणि यंत्र यांच्यात भांडण आहे की दोस्ती, हे ठरवायला प्रेक्षकाला उसंतच मिळत नाही. लॅपटॉपवर पॉझ दाबत शॉट्सची यादी करता येते, अभ्यासासाठी मीही करते. त्या यादीत सगळं सापडतं, फक्त पाहतानाची दमछाक सापडत नाही. आणि फिल्मचा जीव तर तिच्यातच आहे.

म्हणून मला ‘आबिद’ (१९७२) जास्त जवळची वाटते. यात चित्रकार आबिद सुरती खोलीभर रंगवत सुटतात. तंत्र पिक्सिलेशनचं, म्हणजे जिवंत माणसाला बाहुलीसारखं थोडं थोडं हलवत एकेक फ्रेम टिपायची. पती चेकोस्लोव्हाकियात बाहुलीपट शिकून आले होते, ते इथे कामी आलेलं दिसतं. वेग इथेही आहेच. पण सेकंदाला २४ फ्रेम्स धरा, मग पडद्यावरच्या एका झपाट्यामागे माणूस किती वेळा थांबला असेल, याचा अंदाज येतो. वेगामागचे कष्ट दिसले की त्याची दहशत वाटत नाही, गंमत वाटते.

तेव्हा दोन्ही पाहा. आधी सलग, न थांबवता. अर्थ नंतर लावू. आधी डोळे कुठे थकले आणि कुठे रमले, तेवढं सांगा.