पोटगीचा हक्क आणि सिद्धतेचा भार : एक चिकित्सा

प्रस्तावना :
विवाहसंबंध दुरावल्यानंतर पत्नीस पतीकडून मिळणाऱ्या निर्वाहाच्या रकमेस मराठीत ‘पोटगी’ हा शब्द रूढ आहे. या शब्दातच पोट आहे. त्यामुळे हा हक्क म्हणजे निराधार स्त्रीला केलेले साहाय्य, अशी धारणा समाजात दृढ झालेली दिसते. फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ मधील कलम १२५ ही या संदर्भातील प्रमुख तरतूद होती. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ ने तिची जागा घेतली. कलमाचा क्रमांक बदलला, आशय मात्र बहुतांशी तोच राहिला. कायदा हक्क मान्य करतो. परंतु तो सिद्ध करण्याचा आणि वसूल करण्याचा भार पत्नीवरच ठेवतो, हे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

‘नांदवण्याची तयारी’ :
पुरेशा कारणाशिवाय पतीसोबत राहण्यास नकार देणारी पत्नी पोटगीस पात्र ठरत नाही, असे हे कलम सांगते. त्यामुळे ‘मी तिला नांदवायला तयार आहे’ हे वाक्य पतीच्या बचावाचा आधार बनते. पती एक वाक्य उच्चारतो आणि घर का सोडले याचे पुरावे पत्नीला गोळा करावे लागतात. बंद दाराआडच्या छळाला साक्षीदार कोठून आणायचे, हा प्रश्न येथे अनुत्तरित राहतो. पतीने दुसरा विवाह केला असल्यास तिचा नकार न्याय्य मानला जातो, हे खरे. पण प्रत्येक दुराव्यामागे असे उघड कारण नसते. पतीने सहवासाच्या पुनःस्थापनेचा हुकूमनामा मिळविला आणि पत्नीने तो पाळला नाही, तरी केवळ तेवढ्यावरून पोटगी नाकारता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये स्पष्ट केले. हा निर्णय स्वागतार्ह आहे. तथापि नकाराचे कारण पटवून देण्याची पत्नीची जबाबदारी त्याने संपत नाही.

उत्पन्न आणि कालावधी :
मूळ कलमातील दरमहा ५०० रुपयांची मर्यादा २००१ च्या दुरुस्तीने हटविण्यात आली आणि अंतरिम अर्जाचा निकाल नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवसांत व्हावा, अशी अपेक्षा व्यक्त झाली. प्रत्यक्षात काय घडते, हे ‘रजनेश विरुद्ध नेहा’ या प्रकरणावरून दिसते. नागपूर येथील कुटुंब न्यायालयात २०१३ मध्ये सुरू झालेल्या या प्रकरणात अंतरिम आदेश २०१५ मध्ये झाला, उच्च न्यायालयाने तो २०१८ मध्ये कायम केला आणि सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय नोव्हेंबर २०२० मध्ये आला. दोन्ही पक्षांनी मालमत्ता व दायित्वांचे प्रतिज्ञापत्र द्यावे आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी, हे या निर्णयाचे मोठे योगदान होय. पतीचे उत्पन्न शोधण्याचा पत्नीचा भार त्याने निश्चितच हलका केला. मात्र प्रतिज्ञापत्रांनंतर अंतरिम निकालासाठी त्याने ४ ते ६ महिन्यांचा अवधी धरला. कायद्यातील ६० दिवसांशी याचा मेळ कसा घालावा, हा प्रश्न उरतोच.

वसुली :
खरी उणीव येथे आहे. थकलेल्या रकमेसाठी पत्नीने ती देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत अर्ज न केल्यास या कलमाखाली वॉरंट निघू शकत नाही. वॉरंटनंतरही थकबाकी राहिल्यास कारावासाची तरतूद आहे आणि कारावास भोगल्याने देणे फिटत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्येच म्हटले आहे. परंतु कारावासाने पत्नीच्या घरची चूलही पेटत नाही. २०२० च्या निर्णयाने दिवाणी हुकूमनाम्याप्रमाणे वसुलीचा मार्ग दाखविला, तरी त्याचीही सुरुवात पत्नीच्याच अर्जाने होते. आदेश मोडणारा पती घरी बसतो आणि आदेश मिळविणारी पत्नी तारखांना हेलपाटे घालते, अशी ही विसंगती आहे.

समारोप :
पोटगीविषयक न्यायनिर्णयांची दिशा उदार आहे, यात शंका नाही. परंतु आदेश देणे आणि रक्कम हाती पडणे यांतील अंतर अद्याप कायद्याने भरून काढलेले नाही. पगारदार पतीच्या बाबतीत मूळ आदेशातच वेतनातून परस्पर कपातीचा निर्देश असावा. इतरांच्या बाबतीत थकबाकीची दखल न्यायालयाने स्वतःहून घ्यावी आणि एका वर्षाची अट रद्द व्हावी. संसारात राबलेल्या स्त्रीचे हे कायदेशीर देणे आहे. ते वसूल करण्याचे काम तिच्या एकटीवर सोडणे म्हणजे मान्य केलेला हक्क व्यवहारात नाकारणेच होय.