जिजामाता एक्सप्रेसमधले खानसाहेब

जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत एका विश्वातून दुसऱ्या विश्वात ये-जा होते, पण यंत्र कुठेच नाही. लुकलुकणाऱ्या दिव्यांची पेटी नाही की अंतराळयान नाही. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे यांना ट्रकची धडक बसते आणि ते अशा हिंदुस्थानात पोचतात, जिथे १७६१ ची पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली आहे. परततात तेव्हा त्यांच्या खिशात बखरीचे एक फाटके पान असते. तिकडून इकडे आलेला निरोप काय तो एवढाच.

नारळीकर २० मे २०२५ रोजी पुण्यात वारले. त्यानंतर ही कथा मी पुन्हा वाचली. एनसीईआरटीच्या अकरावीच्या 'हॉर्नबिल' या इंग्रजी पाठ्यपुस्तकात तिचे संक्षिप्त रूप घेतले गेले. पुढचे विवेचन त्या रूपाला धरून आहे.

मावळातल्या वाचकाला ही कथा पहिल्याच परिच्छेदात पकडते. गंगाधरपंतांची जिजामाता एक्सप्रेस डेक्कन क्वीनपेक्षा वेगाने धावते आणि ४० मिनिटांत लोणावळ्याला येते. पुण्याबाहेर कारखान्यांची शहरे नाहीत. म्हणजे पिंपरी-चिंचवड नाही, तिथल्या चाळी नाहीत आणि सकाळच्या लोकलला लोंबकळणारी माणसेही नाहीत. लेखकाने हे एका वाक्यात उरकले आहे आणि ते योग्यच आहे. रोज खिडकीतून हा पट्टा पाहणाऱ्याला बाकीचे आपोआप कळते. पुढे घाट मात्र जसाच्या तसा आहे, आणि इथे मी अडखळते. आपल्या बोरघाटातली रेल्वे १८६३ मध्ये इंग्रजी अंमलात पुरी झाली. मराठ्यांचे राज्य टिकलेल्या मुलखात तोच घाट कोणी फोडला? कथा सांगत नाही. बदललेल्या इतिहासात न बदललेला डोंगर शोभतो, पण न बदललेला लोहमार्ग खुलासा मागतो.

कल्याण सुटल्यावर एक लांब बोगदा येतो. तो आपला पारसिकचाच असावा. पलीकडे लहानसे स्थानक आहे, नाव 'सरहद'. अँग्लो-इंडियन अधिकारी परवाने तपासतो, कारण इथून इंग्रजांची हद्द सुरू होते. त्या जगात मुंबई त्यांच्याकडे भाडेपट्ट्याने आहे. शेजारी बसलेले खानसाहेब ही माहिती गंगाधरपंतांना देतात. स्वतः ते मुंबईहून फ्रंटियर मेलने दिल्ली, मग लाहोर आणि तिथून पेशावर असे निघाले आहेत.

ही जागा मला साऱ्या कथेत मोलाची वाटते. फ्रंटियर मेल ही खरी गाडी. १९२८ मध्ये ती मुंबई-पेशावर सुरू झाली, १९४७ नंतर अमृतसरला थांबू लागली आणि १९९६ मध्ये तिचे नाव गोल्डन टेंपल मेल झाले. 'फ्रंटियर' म्हणजे सरहदच. वायव्येकडच्या त्या प्रांताला उर्दूत 'सूबा सरहद' म्हणत. नारळीकरांनी ही सरहद उचलून कल्याणच्या पुढे आणून ठेवली आणि लाहोर-पेशावरची वाट मोकळी केली. फाळणीबद्दल एक अक्षर न लिहिता ती पुसून टाकली. मुसलमान वाचक इथे थांबतो. पानिपत जिंकल्याच्या आनंदापेक्षा हा मोकळा रस्ता त्याला जास्त बोलावतो.

पण तक्रारही इथेच आहे. खानसाहेब आपल्या धंद्याविषयी पुष्कळ बोलतात, गंगाधरपंत मन लावून ऐकतात, असे लेखक सांगतो. ते काय बोलतात हे मात्र आपल्याला ऐकू येत नाही. दोन विश्वांमधला खरा संवाद डब्यातल्या त्या बाकावर चालला होता आणि नेमका तोच गाळला गेला. पुढे आझाद मैदानावर रिकाम्या अध्यक्षीय खुर्चीवरून होणाऱ्या गोंधळाला मात्र भरपूर जागा मिळते. तो प्रसंग गमतीदार आहे, पण त्यातून त्या जगाविषयी फारसे काही कळत नाही.

अखेरीस गंगाधरपंतांचा मित्र राजेंद्र देशपांडे 'कॅटॅस्ट्रॉफी थिअरी' आणि इलेक्ट्रॉन यांच्या आधारे उलगडा करतो. याचे नाते ह्यू एव्हरेट या अमेरिकी शास्त्रज्ञाने १९५७ मध्ये मांडलेल्या अनेक विश्वांच्या कल्पनेशी आहे. मात्र तिथे एकदा फुटलेल्या फांद्या पुन्हा एकमेकींशी बोलत नाहीत. गंगाधरपंतांचे मन तिकडे डोकावून आले, इथवर राजेंद्रचे ऐकता येते. कागद कसा आला, याला त्याच्याकडे उत्तर नाही. मला हा दोष वाटत नाही. हदीस ऐकली की आपण आधी रावी कोण ते विचारतो. ते पान हाच इथला रावी आहे, आणि तो नसता तर गंगाधरपंतांची हकीकत आजाऱ्याची बडबड ठरली असती. गंमत अशी की साक्षीला उभी आहे ती बखर, जिच्या जातीच्या साधनांवर राजवाड्यांनी १८९८ मध्ये आपल्या पहिल्या खंडाच्या प्रस्तावनेत कोरडे ओढले होते.

त्या पानावर विश्वासराव गोळीतून थोडक्यात बचावल्याची नोंद आहे. इब्राहिमखान गारदी त्यावर नाही. संक्षिप्त पाठात कुठेच नाही. ज्याच्या कवायती पलटणींनी आणि तोफांनी रोहिल्यांची फळी फोडली, जो पकडला गेला आणि मारला गेला, त्याचे त्या जगात काय झाले? विजय मिळाला तर त्यात त्याचा वाटा मोठा असणार. आणखी एक धागा कथेनेच दिला आहे. तिथे दादासाहेब, म्हणजे राघोबा, मुकाट्याने राजकारणातून बाजूला होतात. मग १७७३ चा नारायणरावांचा खून बहुधा झालाच नसेल. आपल्या मराठीत 'गारदी' म्हटले की शनिवारवाड्यातले मारेकरी आठवतात, त्यांचा एक म्होरक्या सुमेरसिंग असला तरी. तिथल्या मराठीत हाच शब्द पानिपतच्या तोफखान्यासाठी वापरला जात असेल. नारळीकरांनी दार उघडून दिले, पण स्वतः त्या खोलीत गेले नाहीत.

वर्गात ही कथा मी उर्दूत सांगते. एकदा एका मुलीने विचारले, "टीचर, वो खानसाब फिर मिले क्या उनको?"

"नहीं."

"तो फिर पेशावर पहुँचे?"

परवा पोचेन, असे ते गाडीत म्हणाले होते. मी तिला तेवढेच सांगितले.