स्पर्श, नकार आणि संमती : ‘श्यामची आई’मधील एक प्रसंग

साहित्यातील स्पर्शाचा विचार बहुधा शृंगाराच्या अंगाने केला जातो. आधार देणारा, ओझे हलके करणारा कामनिरपेक्ष स्पर्श निरागस मानला जातो आणि म्हणूनच त्याच्यासंदर्भात संमतीचा प्रश्न उपस्थित होत नाही. हे गृहीतक तपासण्यासाठी साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’मधील (१९३५) मोळीचा प्रसंग महत्त्वाचा ठरतो.

एका वृद्ध महार स्त्रीची लाकडांची मोळी खाली पडली आहे आणि ती उचलून द्यायला कोणी पुढे येत नाही. आई श्यामला पाठवते. मात्र परतल्यावर स्नान करण्यास सांगते. हा प्रसंग मातेच्या करुणेचा दाखला म्हणून वाचला जातो आणि ते वाचन चुकीचे नाही. तथापि, वृद्धा प्रथम नकार देते, याकडे दुर्लक्ष होते. कोणी पाहिले तर आपल्याला मार बसेल, ही तिची भीती आहे. त्यावर श्याम सांगतो की आपण घरी जाऊन स्नान करणार आहोत. प्रश्न तिच्या सुरक्षिततेचा आहे. उत्तर मिळते ते त्याच्या शुचितेविषयी.

अर्थात, तिचा नकार शब्दशः मानला असता तर ती मोळीसह तिथेच खोळंबली असती. तिला साहाय्य हवेच आहे. नको आहे तो त्यापायी होणारा दंड. म्हणजे संमती ही केवळ होकार-नकाराच्या उच्चारात नसते. निर्भयपणे ‘नको’ म्हणता येईल अशी परिस्थिती तिच्या मुळाशी असावी लागते. जिथे नकार भयातून येतो, तिथे होकारही मुक्त असत नाही.

स्पर्श करणारा स्वतः स्पर्शिलाही जातो, ही मेर्लो-पाँती यांची मांडणी येथे उपयोगी पडते. स्नानाची अट ही गावाशी केलेली तडजोड असेलही. परंतु तिचा अर्थ या परस्परतेला नकार असाच होतो. स्पर्श करावा, पण स्पर्शित राहू नये, असे ती सुचवते. वारकऱ्यांनी एकमेकांच्या पाया पडण्यात ही परस्परता मूर्त होते. तरीही पंढरपूरचे मंदिर अस्पृश्यांना खुले व्हावे म्हणून १९४७ मध्ये साने गुरुजींनाच उपोषण करावे लागले. त्याच्या वीस वर्षे आधी, २० मार्च १९२७ रोजी, महाडच्या चवदार तळ्यावर डॉ. आंबेडकर आणि त्यांच्या अनुयायांनी पाण्याला हात लावला तो कोणाच्या करुणेची वाट न पाहता, हक्क म्हणून.

या दोन घटनांच्या प्रकाशात मोळीचा प्रसंग उणा ठरत नाही. तो अधिक गुंतागुंतीचा होतो. श्यामला ऐकू न आलेली वृद्धेची भीती निवेदनाने गाळलेली नाही. संस्कारकथा म्हणून होणाऱ्या वाचनाने ती गाळली. ती भीती पुन्हा ऐकणे, ही या संहितेच्या समीक्षेची जबाबदारी आहे.